शेकडा दहा आणे, पण वीस वर्षं

आबांना वार्षिक व्याजदर सांगितला की ते मनातल्या मनात बाराने भागतात. पारोळा तालुक्यात कोरडवाहू कपाशीवर ज्यांची उभी हयात गेली, त्या पिढीला व्याज कळतं ते महिन्याचं आणि शेकड्याचं. सावकाराचं शेकडा दोन, गरज जास्त दिसली तर तीन. मी धुळ्याला घर घ्यायचं ठरवलं आणि बँक साडेसात टक्क्यांनी कर्ज देतेय म्हणालो, तर आबा लगेच म्हणाले, "म्हंजे शेकडा दहा आना. मंग ली ले ना भाऊ!" हिशोब अगदी बिनचूक. साडेसातला बाराने भागलं की साडेबासष्ट पैसे येतात, म्हणजे बरोबर दहा आणे. मग त्यांनी मुदत विचारली. वीस वर्षं म्हटल्यावर म्हणाले, "ईस वरीस कोन्ही दख्यात?" म्हणजे वीस वर्षं कोणी पाहिलीत?

घराच्या धावपळीत मला भेटलेले बाकी सगळे पहिल्या वाक्यातलीच माणसं होती. बिल्डर, बँकेतले साहेब, एजंट, स्टाफरूममधले सहकारी, सगळे दराबद्दल बोलत होते. पाव टक्का कुठे कमी, कोणाची प्रोसेसिंग फी माफ. मुदतीचं गणित मात्र कोणी मांडून देईना. ते मी कसं मांडलं आणि त्यातून काय हाती लागलं, ते लिहितो.

घर देवपूरच्या पुढे, वलवाडी शिवारातलं तयार रो-हाऊस. किंमत ३४ लाख. पूर्णत्वाचा दाखला आलेला होता, म्हणून जीएसटी नाही. स्वतःचे ९ लाख आणि बँकेचे २५ लाख असं ठरलं. मुद्रांक शुल्क आणि नोंदणी फी या हिशोबाच्या बाहेर, कारण घर १० लाखांच्या वरचं असेल तर हा खर्च बँक घराच्या किमतीत धरत नाही, तो आपल्या खिशातून करावा लागतो. महापालिका हद्दीत मुद्रांक शुल्क सहा टक्के. घर फक्त बाईच्या नावावर घेतलं तर एक टक्का सवलत. आम्ही ते बायकोच्या एकटीच्या नावावर घेतलं आणि ३४ हजार वाचवले. १ लाख ७० हजार शुल्क आणि ३० हजार नोंदणी फी भरली. "घर माझं, हप्ता तुमचा," हे वाक्य तेव्हापासून आमच्या घरात नियमित ऐकू येतं.

इथे एक सहकारी अडले. घर तुझ्या नावावर नसेल तर व्याजाची करसवलत तुला मिळणार नाही, म्हणाले. बरोबरच आहे, ती सवलत मालकालाच मिळते. पण नव्या करपद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजावर वजावट मुळातच नाही, आणि २०२५-२६ पासून पगारदाराला पाऊण लाखाची प्रमाणित वजावट धरून पावणेतेरा लाखांपर्यंत कर शून्य आहे. माझा पगार त्याच्या बराच खाली. म्हणजे वाचवायला कर शिल्लकच नव्हता. "लोन घे, टॅक्स वाचतो" हा सल्ला आपल्याकडे अजून जोरात चालतो. कोणी दिला तर आधी स्वतःचा कर किती लागतो ते बघावं.

आता मुख्य गणित. कॉलेजच्या संगणक प्रयोगशाळेत दुपारी एक्सेल उघडून बसलो. २५ लाख, साडेसात टक्के, २४० महिने: हप्ता २०,१४०. एकूण भरणा ४८ लाख ३३ हजार, त्यात व्याज २३ लाख ३३ हजार. एवढं बँकेचा ॲपही सांगतो. ॲप सांगत नाही ते पुढच्या रकान्यांत दिसलं. पहिल्या हप्त्यातले १५,६२५ रुपये व्याजाचे, मुद्दलाला फक्त ४,५१५. पहिल्या वर्षात २ लाख ४१ हजार भरायचे आणि कर्ज कमी होणार ५६ हजारांनी. रकाना खाली ओढत नेला. दहा वर्षांनी, म्हणजे मुदत निम्मी सरल्यावर, २४ लाख १७ हजार भरून झालेले असतील आणि बाकी असेल १६ लाख ९७ हजार. कर्ज खरोखर अर्ध्यावर यायला साडेतेरा वर्षांच्या जवळपास जातात.

यात बँकेची लबाडी नाही, हे आधी सांगतो. व्याज शिल्लक रकमेवरच लागतं आणि सुरुवातीला शिल्लक जास्त असते, एवढंच. पण याचा अर्थ असा की सुरुवातीची वर्षं आपण मुख्यतः पैशाचं भाडं भरतो.

मग तेच कर्ज वेगवेगळ्या मुदतींना टाकून पाहिलं. पंधरा वर्षांना हप्ता २३,१७५ आणि व्याज १६ लाख ७२ हजार. तीस वर्षांना हप्ता १७,४८० आणि व्याज ३७ लाख ९३ हजार. म्हणजे वीसची तीस वर्षं केली तर महिन्याला २,६६० रुपये हलकं वाटतं आणि त्यापोटी साडेचौदा लाखांहून जास्त व्याज चढतं. एका हाउसिंग फायनान्स कंपनीचा माणूस मला नेमकं हेच विकत होता. वय ७० पर्यंत चालतं, म्हणाला. मी ३८ वर्षांचा, अनुदानित कनिष्ठ महाविद्यालयात शिक्षक, निवृत्ती ५८ ला, आणि नोकरी २००५ नंतरची, म्हणजे जुनी पेन्शन नाही. ६८ व्या वर्षापर्यंत हप्ता कोण भरणार, हा प्रश्न त्याच्या तक्त्यात नव्हता.

त्याच कंपनीचा दर ८.६० होता आणि तो त्यांच्या स्वतःच्या आधारदराला बांधलेला. इथे एक फरक समजून घ्यायला मला वेळ लागला. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी तरत्या, म्हणजे मुदतीत बदलणाऱ्या दराची गृहकर्जं बाहेरच्या मापदंडाला, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपोला (ती ज्या दराने बँकांना थोड्या मुदतीसाठी पैसे देते त्याला), जोडावी लागतात. हाउसिंग फायनान्स कंपन्यांना ती सक्ती नाही. रेपो उतरला तर बँकेचं कर्ज तीन महिन्यांच्या आत उतरतं. कंपनीचं कधी आणि किती, ते कंपनी ठरवते. गावाकडच्या पतसंस्थेतही विचारलं होतं. माणसं ओळखीची आणि चहा चांगला, पण दर दोन अंकी. तो विषय तिथेच संपला.

बँकेचा माझा दर होता रेपो ५.५० अधिक २. त्यातला रेपो सगळ्यांचा सारखा, वरचे दोन हे ज्याचे त्याचे. याचं महत्त्व कळलं ते भुसावळच्या मावसभावामुळे. तो रेल्वेत आहे. २०२१ च्या आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, त्याने २० लाखांचं कर्ज ६.९० ने घेतलं होतं, वीस वर्षांसाठी, हप्ता १५,३८६. तेव्हा रेपो ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो चढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहावर गेला. भावाचा दर झाला ९.४०. त्याला इंग्रजीतून एसएमएस येत होते, खात्यातून हप्ता तोवर तेवढाच जात होता, म्हणून त्याला काही बदलल्यासारखं वाटलं नाही.

त्याचं स्टेटमेंट आम्ही एकदा माझ्या एक्सेलमध्ये बसवलं. दर ९.४० झाला तेव्हा बाकी १९ लाख ४० हजारांच्या आसपास होती. तिचं महिन्याचं व्याजच सुमारे १५,२००. हप्ता १५,३८६. म्हणजे मुद्दलात दोनशे रुपयेही जमा होत नव्हते. हप्ता तसाच ठेवून कर्ज फेडायचं म्हटलं असतं तर आणखी चाळीसहून जास्त वर्षं लागली असती. बँक इतकं ताणू शकत नाही, निवृत्तीचं वय आडवं येतं. म्हणून तिने पुढची मुदत पंचवीस वर्षांवर नेली आणि हप्ता सोळा हजार आठशेच्या घरात नेऊन ठेवला. मूळ मुदत टिकवायची तर हप्ता १८,६०० च्या जवळ करावा लागला असता. महिन्याला अठराशे रुपयांचा फरक. पण दर तसाच राहिला असता तर या दोन वाटांच्या एकूण भरण्यात दहा लाखांच्या जवळपास अंतर पडलं असतं. त्यातली कोणती वाट घ्यायची हे त्याला कोणी विचारलंच नव्हतं.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर बदलला तर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारा. बँकेच्या धोरणाप्रमाणे स्थिर दराकडे जायचा पर्याय द्या (ही सक्ती ऑक्टोबर २०२५ पासून राहिली नाही). आणि मुदत वाढवताना महिन्याचं व्याजही हप्त्यातून निघत नाही अशी वेळ येऊ देऊ नका. भावासारख्या लाखो खात्यांवर हेच होत होतं, त्याशिवाय असा कागद निघत नाही.

तर भावाचा वरचा आकडा २.९०, माझा २. २०२५ च्या जूनमध्ये रेपो साडेपाचवर आला तेव्हा मला नवा ग्राहक म्हणून ७.५० मिळत होते आणि तो जुना, चार वर्षं एकही हप्ता न चुकवलेला ग्राहक ८.४० भरत होता. निष्ठेचं बक्षीस असं असतं. त्याला मी शाखेत लेखी अर्ज द्यायला लावला: नव्या ग्राहकाचा दर मला लागू करा, नाहीतर मी कर्ज दुसरीकडे नेतो. तोंडी विचारलं तेव्हा "सिस्टीममध्ये होत नाही" असं उत्तर होतं. लेखी दिल्यावर रूपांतर फी घेऊन झालं. फी त्याच्या एका हप्त्याच्या निम्मीही नव्हती.

माझ्या कर्जाच्या कागदांत सगळ्यात कामाचा कागद निघाला तो की फॅक्ट स्टेटमेंट, केएफएस. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांना तो द्यावाच लागतो. त्यात सगळे खर्च धरून पडणारा वार्षिक दर, म्हणजे एपीआर, आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ता असतो. तो ग्राहकाला समजेल त्या भाषेत हवा असा नियम आहे. मी मराठीत मागितला. साहेबांनी आधी माझ्याकडे आणि मग माझ्या अर्जावरच्या 'शिक्षक' या शब्दाकडे पाहिलं. दोन दिवसांनी मराठीत मिळाला, भाषा जरा खडबडीत, पण आकडे स्वच्छ.

पहिल्या मसुद्यात कर्जाची रक्कम २५ लाख ७८ हजार होती. हे ७८ हजार कर्जविम्याचे. एकरकमी हप्ता, तोही कर्जातच मिळवलेला, "तुम्हाला खिशातून काही द्यायचं नाही, सर." वीस वर्षांत त्या ७८ हजारांचे दीड लाख होतात. प्रोसेसिंग फी जीएसटीसह १०,३२५. नुसती फी धरली तर साडेसातचा एपीआर ७.५५ च्या आसपास येतो. विमाही धरला की तो जवळपास ८ ला टेकतो. अर्धा टक्का एका सहीत. हा विमा बँकेकडूनच घ्यायची सक्ती नसते. मी आधीच घेतलेल्या टर्म पॉलिसीची प्रत जोडली आणि विमा काढून टाकायला सांगितलं. आगीचा वगैरे घराचा विमा मात्र ठेवला, तो स्वस्त असतो आणि रास्तही. विमा काढल्यावर दर वाढेल असं एकदा सूचकपणे म्हटलं गेलं. तसं लिहून द्या म्हटल्यावर विषय मिटला.

बाकी किरकोळ खर्च पटपट सांगतो: वकिलाचा सर्च रिपोर्ट, मूल्यांकन, गहाणाचं मुद्रांक शुल्क, सिबिलची फी. जमीन गावठाणाबाहेरची असेल तर बिनशेतीचा आदेश आणि मंजूर लेआउट हे बँकेच्या वकिलावर न सोडता स्वतः पाहावं. घराला पुढे जे लागतं त्याचा तक्ता कोणी देत नाही. घरपट्टी, दर काही वर्षांनी गच्चीचं वॉटरप्रूफिंग, बोअरची मोटर, आणि एप्रिल-मेमध्ये पारा ४४-४५ ला गेला की विजेचं बिल. मी यासाठी महिन्याला तीन हजार बाजूला धरले आहेत.

एक गोष्ट मात्र कबूल केली पाहिजे. "२५ लाखांचे ४८ लाख भरावे लागतात" हे वाक्य ऐकायला भयानक आहे, पण ते अर्धंच खरं आहे. वीस वर्षांनंतरचे २०,१४० रुपये आजचे नसतील. महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर शेवटच्या हप्त्याची किंमत आजच्या साडेसात हजारांइतकी उरते. माझा पगार तोवर वाढेल, दर चढला नाही तर हप्ता वाढणार नाही. कर्जदाराला महागाई मदत करते, हे एरवी किराणा भरताना सुचत नाही. तसंच भाड्याचं. मी ८ हजार भाडं भरत होतो. ते वर्षाला पाच टक्क्यांनी वाढलं तरी हप्त्याला गाठायला एकोणीस वर्षं लागतात. नुसता पैशाचा व्यवहार म्हणून बघितलं असतं तर मी भाड्यानेच राहिलो असतो आणि फरक कुठेतरी गुंतवला असता. पण दर अकरा महिन्यांनी करार, पोरांची शाळा, आणि आबा आले की त्यांना गॅलरीत बिडी ओढायला मालकाची परवानगी, याचाही हिशोब असतो. तो एक्सेलमध्ये बसत नाही, म्हणून तो खोटा ठरत नाही.

मुदत वीस ठेवली ती जाणूनबुजून. पंधराचा २३,१७५ चा हप्ता मला झेपला असता, पण तो बंधनकारक होतो. एखादा दवाखाना निघाला, पगार रखडला (अनुदानित संस्थांमध्ये ही कल्पित अडचण नाही) तरी तो भरावाच लागतो. वीसचा घेऊन वरचे पैसे आपणहून भरले तर फायदा तोच आणि गळ्याला फास नाही. तरत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतीआधी फेडल्याचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही.

आपणहून किती भरायचं, तेही मांडून पाहिलं. दरवर्षी एक हप्ता जास्त भरला तर कर्ज सुमारे सतरा वर्षांत फिटतं आणि व्याज चार लाखांच्या आसपास वाचतं. दरवर्षी हप्ताच पाच टक्क्यांनी वाढवत नेला तर साडेबारा वर्षांत फिटतं आणि वाचतात जवळपास आठ लाख. मला सर्वांत पटला तो तिसरा हिशोब. पहिल्या वर्षाच्या शेवटी एक लाख एकरकमी भरला तर पुढचं दोन लाख नव्वद हजारांच्या घरातलं व्याज टळतं. तोच एक लाख पंधरा वर्षांनी भरला तर टळतात फक्त त्रेचाळीस हजारांच्या आसपास. आबांना हे सांगितलं तेव्हा त्यांना अजिबात नवल वाटलं नाही. कपाशी विकून पैसा आला की आधी सावकार, मग लुगडं, हा त्यांचा क्रम मी लहानपणापासून बघत आलो होतो. त्यांनी उलट विचारलं की सातबारावरचा बोजा कधी उतरेल. शहरातल्या बऱ्याच घरांना सातबारा नसतो म्हटल्यावर त्यांनी प्रश्न बदलला: कागद परत कधी देतील? त्याचं उत्तर आता पक्कं आहे. १ डिसेंबर २०२३ पासून, पूर्ण फेड झाल्यावर तीस दिवसांत मूळ कागदपत्रं परत करावी लागतात. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई.

जास्तीचे पैसे भरताना एक लेखी ओळ लागते: हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा. ती नसेल तर काही ठिकाणी हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवतात, आणि बहुतेक व्याज पुन्हा जिथल्या तिथे.

ही ओळ मला अपेक्षेपेक्षा लवकर लागली. कर्ज सप्टेंबरात उचललं आणि डिसेंबर २०२५ मध्ये रेपो ५.२५ झाला. जानेवारीत माझा दर ७.२५ वर आला आणि बँकेने आपणहून हप्ता कमी करून टाकला. अर्ज दिला, पोच घेतली, हप्ता पुन्हा २०,१४० करून घेतला. ॲपमध्ये २३६ महिने बाकी दिसत होते, ते आता २२७ दिसतात. बायकोने विचारलं की कमी झालेला हप्ता पुन्हा वाढवून घेणारा माणूस बँकेने याआधी पाहिला असेल का. काउंटरवरच्या मुलीलाही तेच वाटलं असावं, कारण तिने अर्ज दोनदा वाचला आणि साहेबांना दाखवून आणला.